दुसऱ्या भागातला नायक

आपल्याकडची कहाणी 'साठा उत्तरांची, पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण' झाली, की ऐकणारी मंडळी हातातल्या अक्षता वाहून उठतात. राजाराणी पुढे कसे नांदले, त्यांचे कधी वाजले की नाही, असे कोणी विचारीत नाही. विचारू नये, असाच संकेत आहे. कादंबरीचा दुसरा भाग लिहिणारा लेखक मात्र हा संकेत मोडतो. मिटलेले दार तो पुन्हा उघडतो आणि आत काय चालले आहे ते दाखवतो. आतली माणसे सुखात असतील, तर वाचकाला कंटाळा येतो. दुःखात असतील, तर वाचक रागावतो. आणि नायिका पहिल्या भागातल्या नायकाला सोडून दुसऱ्याच माणसाकडे गेली, तर? मग वाचकांत सरळ दोन तट पडतात. अशाच एका दुसऱ्या भागाविषयी आणि त्याच्या वाचकांच्या भांडणाविषयी आज थोडे बोलायचे आहे.

सारा जे. मास या अमेरिकन लेखिकेची 'अ कोर्ट ऑफ थॉर्न्स अँड रोझेस' ही कादंबरी २०१५ साली प्रसिद्ध झाली आणि तिचा दुसरा भाग 'अ कोर्ट ऑफ मिस्ट अँड फ्यूरी' २०१६ साली. अद्भुतरम्य आणि शृंगारप्रधान अशा या कथा. महाविद्यालयातली मुलेमुली त्या अधाशासारख्या वाचतात. अशा पुस्तकांकडे पाहून नाक मुरडण्याची आम्हा प्राध्यापक मंडळींची जुनी खोड आहे. पण ज्या पुस्तकावरून वर्गातल्या दोन हुशार मुली तासभर हिरिरीने भांडतात, त्या पुस्तकात भांडण्याजोगे काहीतरी असले पाहिजे, एवढे तर मान्य करायला हवे.

ज्यांनी ही पुस्तके वाचलेली नाहीत त्यांच्यासाठी गोष्ट थोडक्यात सांगतो. फेयरा नावाची एकोणीस वर्षांची गरीब मुलगी. बाप हतबल, दोन बहिणी, घरात खायला नाही. हीच रानात जाऊन शिकार करते आणि सगळ्यांना जगवते. एके दिवशी ती एक लांडगा मारते. तो निघतो परीलोकातला. आपण त्या लोकांना यक्ष म्हटले तरी चालेल. बदला घ्यायला एक श्वापद घरात शिरते आणि हिला आपल्या राज्यात घेऊन जाते. ते श्वापद म्हणजे टॅमलिन, 'वसंत दरबारा'चा अधिपती. तेथे प्रचंड वाडा आहे, गुलाब आहेत, फुलांनी डवरलेली बाग आहे. तो हिला चित्रे काढायला रंग आणून देतो. लिहायला-वाचायला शिकवू का, असेही विचारतो. ती लाजेने नको म्हणते. हळूहळू प्रेम जडते. पण त्या राज्यावर अमरांथा नावाच्या दुष्ट राणीचा शाप आहे. टॅमलिनला सोडवण्यासाठी ही मुलगी डोंगराखालच्या दरबारात जाते, तीन जीवघेण्या कसोट्यांना सामोरी जाते, दोन निरपराध जीव स्वतःच्या हाताने घेते, आणि शेवटी मरते. सात अधिपती आपापल्या शक्तीचा एकेक अंश देऊन तिला पुन्हा जिवंत करतात. पण आता ती माणूस राहिलेली नाही, त्यांच्यातलीच एक झाली आहे. शाप सुटला, प्रियकर मिळाला. सुफळ संपूर्ण!

दुसरा भाग सुरू होतो तो तीन महिन्यांनी. लग्नाची तयारी चालली आहे आणि नवरी रात्री-अपरात्री दचकून उठून ओकते आहे. अंगावरचे मांस झडले आहे. रंगांना ती हात लावत नाही. टॅमलिनलाही वाईट स्वप्ने पडतात. तोही रात्र रात्र पहारा करीत बसतो. पण दोघे एकमेकांशी त्याविषयी एक शब्द बोलत नाहीत. तिला काम हवे आहे, शिक्षण हवे आहे, अंगात आलेली नवी शक्ती वापरायला शिकायचे आहे. तो म्हणतो, 'नको, शत्रूला कळेल.' शेवटी एके दिवशी ती बरोबर येण्याचा हट्ट धरते, तेव्हा तो वाड्याभोवती मंत्राचे अदृश्य कुंपण घालून तिला आत कोंडतो आणि निघून जातो. ती कोसळते. तेथून तिला बाहेर काढतात ती 'रात्र दरबारा'ची माणसे. त्या दरबाराचा अधिपती रीसँड पहिल्या भागात खलनायकासारखा वावरलेला. हाच तिला वाचायला शिकवतो, लढायला शिकवतो, आणि पुढे आपल्या बरोबरीच्या आसनावर बसवतो. दुसऱ्या भागाचा नायक तो.

आता वाचकांचे ऐकू या. नाराज मंडळी तीन प्रकारची आहेत. पहिली, ज्यांचा जीव टॅमलिनवर जडला होता. त्यांचे दुःख साधे आहे: 'चारशे पाने ज्याच्यासाठी झुरलो, तो असा टाकून द्यायचा?' दुसरी मंडळी जरा विचारी आहेत. ती म्हणतात, 'नायिकेने नायक बदलला याला आमची हरकत नाही. पण तो बदल सोपा व्हावा म्हणून लेखिकेने टॅमलिनचा स्वभावच बिघडवला. पहिल्या भागातला टॅमलिन असा नव्हता.' आणि तिसऱ्यांचा आक्षेप रीसँडवर आहे. पहिल्या भागात याच रीसँडने फेयराचा मोडलेला हात पिरगाळून तिच्याकडून करार करून घेतला, दरमहा एक आठवडा आपल्याकडे येण्याचा. तिला मद्य पाजून दरबारात नाचवले. दुसऱ्या भागात तो सांगतो की हे सारे तिला वाचवण्यासाठी केलेले सोंग होते. हे वाचक विचारतात: 'एकाने कोंडले तर तो जुलमी, आणि दुसऱ्याने हात पिरगाळला तर ती युक्ती? हा कुठला न्याय?'

खूश झालेल्यांचे म्हणणेही ऐकण्याजोगे आहे. 'जी मुलगी रोज डोळ्यांदेखत खंगते आहे, तिच्याकडे तिचा प्रियकर पाहत नाही, एवढे कारण पुरेसे नाही का? त्याने मारायलाच हवे होते का, म्हणजे तुम्ही तिला जाऊ दिली असती?' असे त्या विचारतात. 'विचारतात' म्हणताना मी 'त्या' म्हटले ते उगीच नाही. या प्रश्नामागे पुष्कळदा पुस्तकाबाहेरचा अनुभव असतो. सगळे घर ज्याला चांगला म्हणते, अशा माणसाजवळ आपला श्वास कोंडतो, हे कोणाला पटवून द्यावे लागणे, हा अनुभव.

वाचकांचा असा रोष नवीन नाही. अमेरिकेतच लुइझा मे अल्कॉट यांच्या 'लिटल विमेन'चा पहिला भाग १८६८ साली आला आणि वाचक मुलींची पत्रे सुरू झाली: ज्योचे लग्न लॉरीशी करा. अल्कॉटबाईंनी मनाशी ठरवले, कोणाच्या समाधानासाठी मी हे लग्न लावणार नाही. १८६९च्या दुसऱ्या भागात लॉरीने ज्योच्या धाकट्या बहिणीशी, एमीशी लग्न केले आणि ज्योच्या वाट्याला आले वयाने बरेच मोठे असे एक जर्मन प्राध्यापक. दीडशे वर्षे उलटून गेली, तरी वाचक अजून त्या प्राध्यापकांना पुरते क्षमा करायला तयार नाहीत. आमच्या व्यवसायाचे दुर्दैव, दुसरे काय!

आपल्याकडे पाहा. महाभारतातला दुष्यंत शकुंतलेला भर दरबारात ओळख नाकारतो, आणि तीही सगळे आठवत असताना, लोकापवादाच्या भीतीने. कालिदासाला असा नायक चालण्यासारखा नव्हता. त्याने दुर्वासाचा शाप आणला, अंगठी आणली, आणि दुष्यंताचा अपराध विस्मृतीच्या माथी मारून त्याला सोडवले. म्हणजे जुनी गोष्ट पुन्हा सांगताना पात्राच्या वर्तनाला नवे कारण पुरवायचे आणि प्रेक्षकांचे मन फिरवायचे, ही विद्या फार जुनी आहे. मासबाईंनी रीसँडसाठी नेमके हेच केले आहे. त्याचे क्रौर्य हे सोंग ठरवले. कालिदासाला जे आपण आनंदाने देतो, ते या बाईंना का द्यायचे नाही, असे कोणी विचारील.

फरक आहे तो असा. कालिदासाने वेगळी कृती रचली; महाभारताच्या श्रोत्याला त्याने काही वचन दिले नव्हते. पण एकाच लेखिकेच्या दोन भागांत दुसरा भाग पहिल्याला बांधलेला असतो. वाचक पहिला भाग वाचून मनाशी एक हिशेब मांडतो. दुसऱ्या भागाने त्या हिशेबात एखादी राहून गेलेली रक्कम दाखवून दिली, तर वाचक आनंदाने बेरीज सुधारील. पण वहीतली जुनी पानेच फाडली, तर तो सावकाराकडे संशयाने पाहू लागणारच. तेव्हा खरा प्रश्न 'नायक का बदलला' हा नाही. ज्या बळावर तो बदलला, ते पहिल्या भागात होते की नव्हते, हा आहे.

या दृष्टीने पहिला भाग पुन्हा वाचून पाहावा. डोंगराखाली फेयरा मरणाच्या दारात असताना टॅमलिन अमरांथाच्या शेजारी दगडासारखा बसून राहतो. त्याचीही कारणे असतील. पण एकदा दोघांना क्षणभर एकांत मिळतो, तेव्हा तिला तेथून बाहेर कसे काढावे हे न बोलता तो तिला मिठीत घेतो. उलट, दुसऱ्या कसोटीत तिला अक्षरे वाचता येत नाहीत म्हणून ती मरायला टेकते, तेव्हा योग्य उत्तराकडे तिला वळवतो तो रीसँड. शेवटी अमरांथा तिचे हाल करते, तेव्हा त्या राणीच्या अंगावर धावून जातो तोही रीसँडच. म्हणजे बीज होते. आपण ते पाहिले नाही, कारण फेयराने पाहिले नाही. दोन्ही पुस्तके जवळजवळ सगळी तिच्याच तोंडून सांगितलेली आहेत. प्रेमात पडलेल्या डोळ्यांनी सांगितलेला टॅमलिन आणि प्रेम विटल्यावर सांगितलेला टॅमलिन एकसारखा कसा दिसेल? 'पहिल्या भागातला टॅमलिन असा नव्हता' या तक्रारीला निम्मे उत्तर येथे मिळते.

आणखी निम्मे उत्तर मूळ लोककथेत आहे. पहिल्या भागाचा सांगाडा 'सुंदरी आणि पशू' या फ्रेंच कथेचा. मादाम द व्हिलनव यांनी ती १७४० साली लिहिली, मादाम द बोमाँ यांनी १७५६ साली तिला आटोपशीर रूप दिले, आणि तेच जगभर पसरले. त्या कथेत मुलगी पशूच्या वाड्यात येते ती बापाच्या बदली, जवळजवळ कैदी म्हणून. वाड्यात सगळे आहे, फक्त जाण्याची मोकळीक नाही. पशू मायाळू असतो, पुढे राजपुत्र होतो, आणि आपण ती कैद विसरून जातो. फेयरासुद्धा वसंत दरबारात पाहुणी म्हणून आली नव्हती. तेव्हा दुसऱ्या भागात टॅमलिनने दार बंद केले ते प्रथमच नव्हे. ते दार पहिल्यापासूनच बंद होते. पहिल्या भागात आत अन्न होते, ऊब होती, आणि उपाशी मुलीला तेवढे पुष्कळ होते. पोट भरल्यावर, मरून पुन्हा जिवंत झाल्यावर, तिला ते दार दिसले. जे कुंपण एका वर्षी आसरा वाटले तेच पुढच्या वर्षी कोंडवाडा वाटले. कुंपण तेच होते, बाई बदलली होती.

माझ्या मते या दुसऱ्या भागाचे मोल येथे आहे. टॅमलिन तिला कोंडतो तो दुष्टपणाने नव्हे. त्याने तिची मान मोडलेली पाहिली आहे. ती पुन्हा मरू नये, एवढेच त्याला हवे आहे. त्याच्या जखमेवरचे औषध म्हणजे बंद दार, आणि तिच्या जखमेवरचे औषध म्हणजे उघडे दार. एकाचे औषध दुसऱ्याला विष होते. अशा वेळी दोन चांगली माणसेही एकमेकांना मारून टाकू शकतात. 'मी तुझ्या भल्यासाठीच करतो आहे' हे वाक्य ज्याने घरात ऐकले नाही किंवा उच्चारले नाही असा माणूस विरळा. आणि जिच्यासाठी म्हणून आपण हे करतो, तिला कधी विचारले होते का, हा प्रश्न विचारणारा त्याहून विरळा.

मग नाराज वाचक सर्वस्वी चुकले का? नाही. त्यांचा एक मुद्दा मला खोडून काढता येत नाही. पुस्तकाच्या पहिल्या तिसऱ्या हिश्श्यात टॅमलिनचा जो तोल लेखिकेने राखला आहे, तो पुढे तिने सोडला. फेयरा त्याला पत्र पाठवते, 'मी आपल्या मर्जीने गेले आहे.' तो विश्वास ठेवत नाही. ज्या मुलीला लिहिता येत नव्हते तिचे पत्र खरे कसे मानावे, ही त्याची शंका एका परीने समजण्यासारखी आहे, आणि किती करुण! ती शिकली, हेच त्याला माहीत नाही. येथपर्यंत ठीक. पण पुढे तो तिला परत मिळवण्यासाठी सगळ्यांच्या शत्रूशी, हायबर्नच्या राजाशी हातमिळवणी करतो, आणि त्याची फळे फेयराच्या निरपराध बहिणींना भोगावी लागतात. आता वाचकाला निवड करण्याचे कामच उरत नाही. न्यायनिवाडा लेखिकेनेच करून टाकला. एका चांगल्या माणसाला सोडून जाण्याचा नायिकेला अधिकार आहे का, हा अवघड प्रश्न होता. देशद्रोह्याला सोडून जाण्याचा आहे का, या प्रश्नाला उत्तर देणे कोणालाही जमेल.

दुसरी एक पळवाट म्हणजे जन्मगाठ. फेयरा आणि रीसँड यांच्यामध्ये म्हणे दैवानेच बांधलेली गाठ होती. ती कळल्यावर काही वाचकांना हायसे वाटले. मला मात्र थोडे वाईट वाटले. इतका वेळ एक मुलगी स्वतःच्या पायांनी चालत एका दाराबाहेर आणि दुसऱ्या दाराशी आली होती. आता कळले की वाट आधीच आखलेली होती. लेखिकेच्या बाजूने एवढे सांगायला हवे की तिने ही गाठ नाकारता येते असे म्हटले आहे, आणि रीसँडच्या आईबापांची तशीच गाठ असूनही त्यांचा संसार जुळला नाही हेही दाखवले आहे. रीसँडने ही गोष्ट लपवली म्हणून फेयरा त्याच्यावर रागावते आणि विचार करूनच त्याला स्वीकारते. म्हणजे बाईंना धोका दिसत होता. पुढच्या, २०१७ सालच्या भागात त्यांनी टॅमलिनलाही थोडे परत दिले आहे. युद्धाच्या शेवटी मेलेल्या रीसँडला जिवंत करण्यासाठी आपल्या शक्तीचा अंश तोही देतो, आणि तिला सुखाने राहा म्हणतो. तीन भागांत टॅमलिनने केलेले हे सर्वांत मोठे प्रेमाचे कृत्य, आणि त्यात तो तिला काहीही मागत नाही.

श्रोतेहो, आता मूळ प्रश्नाकडे. फेयरा त्याच्यासाठी मेली होती. एवढा त्याग झाल्यावर सोडून जाणे म्हणजे त्या त्यागाचा अपमान नाही का, असे एका विद्यार्थ्याने मला विचारले. प्रश्न प्रामाणिक होता, आणि तो फक्त यक्षांच्या राज्यातला नाही. 'एवढे केले त्याच्यासाठी, आता थोडे आणखी सोस,' हे आपल्या घरांतून किती मुलींना सांगितले गेले आहे! जणू केलेला त्याग हे कर्ज आहे, आणि ज्याने दिले त्यानेच जन्मभर व्याज भरायचे. मला वाटते, त्याग खरा होता म्हणून तो संपतो. त्याने टॅमलिनला आयुष्य मिळाले, राज्याला स्वातंत्र्य मिळाले. ते कोणी परत मागितलेले नाही. पण ते देऊन झाल्यावर उरलेले आयुष्य तिचे आहे.

म्हणून, दुसऱ्या भागात नायक बदलला की पुस्तक आपटून देण्याआधी वाचकाने एवढेच करावे: पहिला भाग पुन्हा उघडावा आणि त्यात दार कोठे होते ते पाहावे. मुळीच नव्हते असे दिसले, तर लेखकाला खुशाल जाब विचारावा. तो वाचकाचा हक्क आहे. पण दार होते आणि आपणच त्यावरच्या गुलाबांकडे पाहत राहिलो होतो असे दिसले, तर रागाची दिशा बदलायला हरकत नसावी. आणि घरातली एखादी मुलगी असले पुस्तक छातीशी धरून बसलेली दिसली, तर ते हिसकावून घेऊ नये. 'तुला दोघांपैकी कोण आवडला?' एवढे विचारावे, आणि उत्तर ऐकून घ्यायला पुरेसा वेळ काढून बसावे.